सामनेवाली नंबर तीन

यज्ञेशला रीतभात नाही असं मी म्हणणार नाही. रीतभात आहे, आणि तीच अंगावर येते. माझा हा पुतण्या आधी वाकून पाया पडतो, "मोठीआई, बरी हायस ना?" म्हणून विचारतो आणि मग खिशातून नोटीस काढतो. पाया पडून नोटीस द्यायची ही पद्धत आमच्या मानपाड्यात आधी नव्हती. पूर्वी लोक शिव्या द्यायचे, कोयता दाखवायचे आणि गटारीला परत एका ताटात जेवायचे. आशीर्वाद घेऊन केस टाकणारा हा पहिलाच. आता त्याला आशीर्वाद तरी कोणता द्यायचा? "यशस्वी हो" म्हटलं तर माझा ओटा गेला. म्हणून मी "शंभर वर्षं जग" म्हणते. जग बाबा खुशाल. जिंकू नकोस.

भांडण ओट्याचं. आमची दोन घरं शेजारी शेजारी, एक माझं आणि एक माझ्या धाकट्या दिराचं, धाकूचं. दोन्हीच्या पुढे मिळून एक अंगण, आणि अंगणाच्या तोंडाशी दगडी ओटा. सासूने बांधून घेतला होता. कोणासाठी, ते तिने सांगितलं नाही. तिला विचारायची कोणाची छाती नव्हती. तेव्हापासून संध्याकाळी मी त्याच्यावर बसते. रस्त्याने जाणारा माणूस मान वळवून "विमलाबाय, जेवलीस काय?" विचारतो. जो विचारत नाही त्याला मीच विचारते, "मान आखडली काय रे?" कोणी बिल्डरला जमीन दिली, कोणाच्या सुनेने वेगळी चूल मांडली, कोणाच्या बंगल्यात कुत्र्याच्या खोलीला एसी बसला, सगळं आधी माझ्या ओट्यावर येतं आणि मग गावात जातं. टीव्ही बंद पडला तर माझं चालतं. ओटा गेला तर मी नुसती घरात बसलेली म्हातारी.

यज्ञेशने मोठी काळी गाडी घेतली. पेढे दिले, गाडीला हार घातला, चाकाखाली लिंबू फोडलं आणि अंगणात वळवायला गेला तर ओटा आडवा. गाडी हत्तीएवढी, अंगणाचं तोंड बैलगाडीएवढं.

"मोठीआई, ओटा थोडा कापायला लागेल."

"गाडी काप."

"गाडी कशी कापनार?"

"मग लहान घ्यायचीस. दुकानात माप नेलं नव्हतंस?"

गाडी रस्त्यावर राहू लागली. कोणीतरी बाजूचा आरसा मोडला, कोणीतरी बॉनेटवर वाळवण घातलं. वाळवण माझं होतं. ऊन तिथे छान लागतं.

मग त्याने पालिकेत तक्रार टाकली, की ओटा बेकायदा आहे, पाडा. पालिकेचा माणूस आला. त्याने ओट्याकडे पाहिलं, माझ्याकडे पाहिलं. मी म्हटलं, उन्हातून आलास, बस. तो ओट्यावरच बसला. ज्याची तक्रार त्याच्यावरच कागद ठेवून त्याने लिहिलं, बांधकाम जुनं दिसतं, घरच्यांचा आपसातला वाद दिसतो. आणि गेला. मला तो माणूस हुशार वाटला.

यज्ञेशला नाही वाटला. गावातल्या शहाण्यांनी त्याला सांगितलं, अरे, जागेचं भांडण, कल्याणच्या कोर्टात दिवाणी दावा टाक. हा म्हणाला, "तिथे निकाल लागेपर्यंत गाडी भंगारात जाईल. मी डायरेक्ट हायकोर्टात जानार." डायरेक्ट हा त्याचा लाडका शब्द. शाळेतून डायरेक्ट धंद्यात गेला, धंद्यातून डायरेक्ट गाडीत. मधली पायरी त्याला लहानपणापासून दिसत नाही. एकदा माळ्यावरून असाच डायरेक्ट खाली आला होता.

आला, पाया पडला आणि उशीएवढं बाड माझ्या मांडीवर ठेवलं. मी शाळेत दुसरीपर्यंत गेले, पण माझं नाव मला इंग्रजीत ओळखता येतं. पहिल्याच पानावर शोधलं. वर यज्ञेशचं नाव. खाली विरुद्ध. मग पालिका. मग आणखी कोणी साहेब. आणि त्याच्या खाली मी. सामनेवाली नंबर तीन.

मला ओटा गेला तरी चालला असता एक वेळ. पण तिसरा नंबर?

ठाण्याला नौपाड्यात समीक्षा नावाची वकिलीण आहे, दातांच्या डॉक्टरच्या वरच्या मजल्यावर. तिची आई माझी जुनी गिऱ्हाईक. मी ठाण्यापर्यंत सुकी मासळी डोक्यावरून विकायला नेत होते तेव्हापासूनची ओळख. मी बाड तिच्या टेबलावर आपटलं.

"भांडण माझ्याशी आणि मी तिसरी का?"

समीक्षाने चष्मा लावून चाळलं आणि हसायला लागली. "काकू, त्याचं कारण आहे. हायकोर्टात ही जी दाद मागतात ना, ती सरकार, पालिका यांच्याविरुद्ध मागतात. त्यांनी त्यांचं काम केलं नाही, त्यांना हुकूम द्या म्हणून. काकू ओटा सोडत नाही म्हणून मागता येत नाही. म्हणून त्याने पालिकेला पुढे उभं केलंय."

"म्हणजे दगड मला मारायचा आणि नेम पालिकेवर धरायचा."

"अगदी बरोबर."

"आणि मी कशाला यात?"

"निकालाचा तुमच्यावर परिणाम होणार, म्हणून तुम्हाला कळवायचं असतं."

"परिणाम? अगं, सगळं लगीन माझं आणि मला पाहुणी म्हणून आवतण?"

मग तिने यज्ञेशने शपथेवर लिहून दिलेलं वाचून दाखवलं. सदर ओटा अलीकडेच बेकायदा बांधलेला असून अर्जदाराच्या कुटुंबाने त्याचा कधीही वापर केलेला नाही व त्याच्याशी त्यांचा कसलाही संबंध नाही.

मी तिला दुसऱ्यांदा वाचायला लावलं. गोड लागलं म्हणून. आमच्या दोन्ही घरांत कोणाचंही लग्न निघालं की मांडव त्याच ओट्याला लागून पडतो. उंबराची फांदी आणायची, ओट्याच्या उजव्या कोपऱ्याशी खड्डा करून रोवायची, मग तिच्या भोवती मांडव. हळद लागते ती त्या ओट्यावर बसूनच. धाकूची तिथेच लागली. सरस्वती, म्हणजे यज्ञेशची आई, नवी नवरी म्हणून आली ती त्याच ओट्यावरून उतरून घरात गेली. आणि त्यांच्या पोराने लिहून दिलं, कसलाही संबंध नाही!

"आता आपलं उत्तर," समीक्षा म्हणाली. तिने लिहिलं, ओटा केवळ आणि केवळ विमलाबाईंचा असून धाकूच्या घराचा त्यावर काडीचाही हक्क नाही. मराठीत सांगितलं तेव्हा मी जरा थांबले.

"समीक्षा, जरा जास्त होतंय काय?"

"समोरून एवढं आलंय काकू. आपण कमी का सांगायचं?"

ते मला पटलं. मासळीचा भाव सांगताना पहिल्याच बोलीत खरा आकडा कोण सांगतं? मी सही ठोकली.

तारीख लागली. मी रोज संध्याकाळी ओट्यावर बसून भाषण पाठ केलं. सासू कशी होती, दगड कुठून आले, गवंड्याला दुपारी जेवायला काय केलं होतं, सगळं. आडव्या प्रश्नांची उत्तरंही तयार केली. शेजारच्या मायाला मी यज्ञेशचा वकील केलं होतं. ती बिचारी प्रश्न विचारायची आणि मी तिला रडवायचे.

त्या दिवशी आम्ही टेम्पो ट्रॅव्हलर केला. आळीतल्या बायका नऊवारी नेसून, केसांत गजरे माळून तयार. मी ठेवणीतलं सगळं सोनं घातलं. न्यायाधीशाला कळायला पाहिजे, ही बाई ओट्यासाठी भुकेली नाही, हक्कासाठी आली आहे. निघायच्या वेळी सरस्वती पिशवी घेऊन आमच्याच गाडीत चढली.

"तू कुठे? तुझा पोरगा तिकडे त्याच्या गाडीत हाय ना?"

"बंद गाडीत मला मळमळतं, जाऊबाय. खिडकी दे."

दिली खिडकी. काय करणार? वाटेत तिने आमच्या तांदळाच्या भाकऱ्या खाल्ल्या, सुकटीची चटणी खाल्ली, आणि "पोराला यश येऊ दे" म्हणून बसल्या बसल्या देवाला हात जोडले. माझ्या गाडीत, माझी भाकरी हातात धरून! मी म्हटलं, "आधी गीळ, मग जोड."

हायकोर्ट मोठं देखणं. दगड बघून मला बरं वाटलं, आमच्या ओट्याचाच वाटला, काळा आणि थंड. आत दोन न्यायाधीश उंचावर बसलेले. काळे कोट आत येतात, वाकतात, काहीतरी पुटपुटतात, बाहेर जातात. कोण जिंकतो, कोण हरतो, तोंडावरून काही कळत नाही. आमचा नंबर लागला. यज्ञेशचा वकील उठला आणि इंग्रजीत पालिकेवर घसरला. मग पालिकेचा वकील उठला. मग समीक्षा उठली आणि एकदाच माझ्याकडे हात केला. मोठ्या न्यायाधीशांनी चष्म्यावरून माझ्याकडे पाहिलं, मग यज्ञेशच्या वकिलाला काहीतरी विचारलं. तो चाचरला. परत विचारलं. तो कागद उलटेपालटे करायला लागला.

मला वाटलं, हीच वेळ. मी उठले.

"साहेब, तो ओटा माझ्या सासूने..."

सगळे काळे कोट वळले. शिपाई धावत आला. समीक्षाने माझा पदर ओढला. पण ते मोठे न्यायाधीश हसले आणि चक्क मराठीत म्हणाले, "आजी, तुमचं सगळं ऐकून घ्यायला पाहिजे. पण ते ऐकायचं कोर्ट हे नाही. ते कल्याणला आहे."

आणि पुढचा नंबर पुकारला.

बाहेर व्हरांड्यात मी समीक्षाला म्हटलं, "आता आपलं कधी सुरू होणार?"

"काकू, संपलं."

"संपलं? मी बसले पण नव्हते नीट!"

"आपण जिंकलो म्हणा हवं तर. त्याचा अर्ज निकाली काढला. कोर्ट म्हणालं, पालिकेचं नाव पुढे केलंय, पण भांडण आहे घरातल्या जागेचं. तो म्हणतो ओटा नवा, तुम्ही म्हणता जुना. तो म्हणतो ओट्याखालची जागा सामाईक, तुम्ही म्हणता तुमची. यातलं खरं काय ते साक्षीदार तपासल्याशिवाय ठरत नाही आणि इथे साक्षीदार तपासत नाहीत, कागदांवरूनच ठरवतात. म्हणून दिवाणी कोर्टात जा. तिथे सगळं सांगायची मुभा दोघांनाही ठेवली आहे."

"म्हणजे ओटा कोणाचा ते सांगितलंच नाही?"

"मुद्दामच नाही सांगितलं."

एवढी दगडी इमारत, एवढे कोट, एवढे गजरे, आणि कोणी विचारलं नाही की बाई, तुझं म्हणणं काय. जिंकल्याचा मला इतका राग कधीच आला नव्हता.

परत येतो तर मानपाड्याच्या नाक्यावर फटाके. यज्ञेशच्या दोस्तांनी लावलेले. त्याच्या वकिलाने त्याला सांगितलं होतं, तुझे सगळे मुद्दे शाबूत ठेवलेत. याने त्याचा अर्थ जिंकलो असा घेतला. दुसऱ्या दिवशी चौकात फ्लेक्स लागला. काळा गॉगल घालून यज्ञेश, मागे गाडी, वर 'सत्याचा विजय'. मी त्याच फ्लेक्सवाल्याकडे गेले. माझाही लावला, त्याच्या शेजारी, वीतभर मोठा. मी ओट्यावर बसलेली, आणि खाली 'सत्य इथे बसलं आहे'. लोक दोन्ही बघायचे आणि विचारायचे, नक्की हरलं कोण?

पण मला चैन पडेना. पाठ केलेलं भाषण पोटात तसंच. समीक्षाने सांगितलं होतं, कल्याणला दावा लागला की साक्षीच्या पिंजऱ्यात उभं करतात, शपथ देतात, आधी आपला वकील विचारतो, मग समोरचा उलटसुलट विचारतो, आणि बाई जे बोलेल ते टाइप करून घेतात. टाइप! दुसरीपर्यंत शिकलेल्या बाईचं बोलणं कोणी टाइप केलं असतं कधी? मी यज्ञेशच्या मागे लागले. गाडीतून उतरला की ओट्यावरून हाक.

"यज्ञेश, दावा कधी टाकतोस?"

"बघतो मोठीआई."

"बघतो काय? कागद काय कमी हाय? वकील आजारी हाय काय?"

"टाकतो गं."

"डायरेक्ट टाक ना. आता कुठे गेला तुझा डायरेक्ट?"

जिच्यावर केस टाकायची ती बाईच केस टाक म्हणून मागे लागली आहे असं त्याच्या वकिलाने आयुष्यात पाहिलं नसेल. एक दिवस यज्ञेश वैतागून म्हणालाच, "वकील बोलतो, दावा मी टाकला तर शाबीत मी करायचं. जुनी माणसं साक्षीला पाहिजेत. जुनं कोण हाय? बाबा आनि तू."

बाबा म्हणजे धाकू. माझा हा दीर लग्नात होकारही मान हलवून देणारा. त्याला पिंजऱ्यात उभा केला तर टाइप करणारी बाई डबा खाऊन येईल.

"मग मला बोलव," मी म्हटलं. "तुझ्या बाजूने बोलव. मी खरं सांगेन."

"तीच भीती हाय," तो म्हणाला आणि घरात गेला.

अशात प्राप्तीचं लग्न ठरलं. प्राप्ती म्हणजे यज्ञेशची धाकटी बहीण. पोरगी माझ्या अंगाखांद्यावर वाढली. तिची आई भात लावायला शेतात जायची तेव्हा ती माझ्या मांडीवर, त्याच ओट्यावर. नवरा मुलगा कल्याणचा, बाजारात भाजीचा गाळा, शांत घर. सुपारी फुटली आणि लगेच यज्ञेशने जाहीर केलं, हळद हॉलमध्ये. शिळफाट्याच्या रस्त्यावर मोठा हॉल, वर झुंबरं, खाली गालिचा.

सरस्वती दुपारची माझ्याकडे आली. बसली नाही. जाऊ उभ्याने बोलायला लागली की समजायचं, काहीतरी मागायचं आहे.

"जाऊबाय, पोरीचा मांडव दारात पडला पाहिजे. ओट्याजवळ. आपल्यात हॉलमध्ये हळद कोणाची झाली हाय काय?"

मला मजा वाटायला लागली. मी सुपारी कातरत म्हटलं, "कुठला ओटा?"

"कुठला म्हंजे? हा."

"हा तर नवा हाय गं. बेकायदा. तुमच्या घराने कधी वापरला नाय. तुमचा त्याच्याशी संबंध नाय. मुंबईला दोन न्यायाधीशांपुढे शपथेवर लिहून दिलंय, मी कानाने ऐकलंय. ज्याच्याशी संबंध नाय त्याच्यावर पोरीला कशी बसवशील? देवाला चालेल?"

सरस्वतीने पदर तोंडाला लावला. "ते पोराने लिहिलं. मला इंग्रजी येतं काय?"

"मला तरी कुठे येतं? पण माझं ते माझं."

ती तशीच गेली. मी सुपारी खाल्ली. छान लागली. संध्याकाळपर्यंत छान लागत होती.

संध्याकाळी प्राप्ती आली. ती मात्र बसली, माझ्या शेजारी, पाय हलवत, लहानपणी बसायची तशी.

"मोठीआई, त्या हॉलमध्ये उंबर कुठे रोवणार? गालिच्यात?"

"कुंडीत लावतील. तुझा भाऊ डायरेक्ट हाय, काहीतरी करेल."

"दादा बोलतो, इथे मांडव घातला आणि फोटो निघाले तर केस गेली. वकिलाने बजावलंय. शपथेवर लिहिलंय ना, कधी वापरला नाय म्हणून." ती हसली, पण डोळे भरलेले. "माझ्या हळदीपेक्षा त्याला गाडी उभी करायची जागा मोठी झाली बघ. आणि तू पण आईला तसंच बोललीस."

त्या संध्याकाळी दोघं जण न विचारताच पुढे गेले, पण मी कोणालाही "मान आखडली काय रे?" म्हटलं नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी रिक्षा, मग ठाण्याची बस, असं करत नौपाडा गाठलं. समीक्षाला म्हटलं, पुतणीचा मांडव माझ्या ओट्यावर घालते, काही होतं काय?

तिने पेन खाली ठेवलं. "काकू, अजिबात नको. आपण लिहून दिलंय, त्या घराचा काडीचाही हक्क नाही. उद्या त्यांच्या मुलीची हळद तिथे झाली, गावभर फोटो निघाले, तर दिवाणी दाव्यात ते तुमच्याच विरुद्ध दाखवतील. म्हणतील, बघा, ओटा दोन्ही घरांचा. केवळ तुमचा हे मग शाबीत करणं अवघड जाईल."

"म्हणजे मांडव पडला तर त्याची पण केस गेली आणि माझी पण."

"दोघांचीही लंगडी होणार."

"आणि मांडव नाय पडला तर दोघांची केस धडधाकट, आणि पोरीचा उंबर कुंडीत."

तिने माझ्यासाठी चहा मागवला. चांगली पोर आहे. वकील असूनही तिला कधी गप्प बसायचं ते कळतं.

येताना बसमध्ये मी विचार करत होते. त्या मोठ्या न्यायाधीशाचा राग माझ्या मनात होता, की उंचावर बसून कारभार करतो आणि ओटा कोणाचा एवढं सांगत नाही. तो काय आंधळा होता? त्याने माझ्याकडे पाहिलं, यज्ञेशकडे पाहिलं, त्याला काहीतरी कळलंच असणार. सगळं कळूनही हा माझा प्रांत नाही असं म्हणून गप्प राहिला. तेव्हा मला तो भित्रा वाटला होता. शिळफाट्याच्या आसपास कधीतरी वाटलं, भित्रा नाही. ज्याला आपलं काय आणि दुसऱ्याचं काय एवढं कळतं तो माणूस पुष्कळ झाला. आमच्या घरात तर हे कोणालाच कळत नव्हतं. मलाही नाही, असं कोणी म्हणेल. म्हणू दे.

घरी आले आणि मायाला पाठवून शेजारच्या घरातल्या सगळ्यांना बोलावलं. ओट्यावरच. धाकू कडेला उभा राहिला, मान आधीच अर्धी हलवून. सरस्वती दाराच्या चौकटीशी. प्राप्ती तिच्या मागे. यज्ञेश गाडीची चावी बोटात फिरवत आला. रस्त्यावरून जाणारी माणसं हळू झाली. मी त्यांना थांबा म्हटलं नाही, जा असंही म्हटलं नाही.

"काय ठरवलंस मोठीआई?" यज्ञेश म्हणाला. "हॉलवाल्याला आज सांगायचं हाय. आनि आधीच सांगतो, वकील बोलतो..."

"तुझा वकील काय बोलतो ते मला माहीत हाय. माझी पण तेच बोलली."

"मग? मग हॉलच ना?"

"चावी खिशात ठेव आणि ऐक," मी म्हटलं. "ओटा कोणाचा, ते मी नाय सांगणार. मी त्यात पार्टी हाय. मी माझाच म्हणणार, तू बेकायदा म्हणणार, म्हणून ते सांगायचं काम माझं नाय. त्याला कल्याणचं कोर्ट हाय. लगीन झालं की दुसऱ्या दिवशी जा, दावा टाक. मांडवाचे फोटो मी स्वतः नेऊन दाखवेन, आणि माझी केस पडली तरी खरं ते बोलेन. गाडी आत येते की बाहेर राहते, ते पण त्यांनीच सांगावं. मी बोलणार नाय. पण या घरच्या पोरीचा मांडव कोणाच्या दारात पडायचा, हे कल्याणचं कोर्ट सांगणार नाय आणि मुंबईचं पण सांगणार नाय. ते माझ्या हद्दीत येतं, आणि त्याच्यावर अपील नाय. प्राप्ती इथे बसेल, या ओट्यावर, आणि पहिली हळद तुझी आई लावेल. हॉलवाल्याला नाय म्हणून सांग. उंबर तू आणायचा, खड्डा तू खणायचा, तुझ्या हाताने, सगळ्या गावासमोर. आणि पाव्हण्यांनी विचारलं की ओटा कधीचा, तर वकिलाला फोन करायचा नाय, खरं सांगायचं. कुदळ पडवीत हाय. जा, अंधार पडायच्या आधी माती मऊ करून ठेव."